टक्का नको, बिदागी द्या

या शनिवारी जरा भांडायचं आहे. ज्यांना सकाळी सकाळी कटकट नको असेल त्यांनी आधी पोहे खाऊन घ्यावेत आणि मग सावकाश यावं.

निमित्त तसं जुनंच. ७ मे २०२४ ला शिकागोत स्टीव्ह अल्बिनी गेला. वय ६१. हृदयविकाराचा झटका, आणि तोही स्वतःच्या स्टुडिओत. तेव्हापासून आमच्या सॉफ्टवेअरवाल्या मंडळींत अधूनमधून त्याचा विषय निघतो आणि दर वेळी मला दोन जमाती भेटतात. पहिली म्हणते, "येडा होता, लाखो डॉलरवर पाणी सोडलं." दुसरी म्हणते, "संत होता रे, संत." माझं भांडण दोघांशीही आहे. पण खरं सांगायचं तर दुसऱ्यांशी जरा जास्तच.

आता हा अल्बिनी कोण हे माहीत नसेल तर त्यात लाजण्यासारखं काही नाही. आपल्यापैकी किती जणांना आपल्या आवडत्या गाण्याचा रेकॉर्डिस्ट सांगता येईल? तर हा माणूस रेकॉर्डिंग इंजिनिअर. माईक कुठला घ्यायचा, वाद्यापासून किती लांब ठेवायचा, टेपवर आवाज किती चढवायचा, हे बघणारा. जन्म १९६२चा, कॅलिफोर्नियातला. वाढला मोंटाना राज्यातल्या मिझूला गावात. शिकला चक्क पत्रकारिता, शिकागोच्या शेजारी नॉर्थवेस्टर्न विद्यापीठात. तिथेच 'बिग ब्लॅक' नावाचा बँड काढला. ड्रमर नव्हता म्हणून रोलँड कंपनीचं ड्रम मशीन आणलं आणि रेकॉर्डच्या कव्हरवर वादकांच्या यादीत 'रोलँड' असं नाव घालून टाकलं :-) पुढे 'शेलॅक' हा त्याचा शेवटपर्यंतचा बँड. पण पोटापाण्याचा धंदा म्हणजे दुसऱ्यांचे बँड रेकॉर्ड करणं. फोन करेल त्याचं काम घ्यायचं, नामवंत असो नाहीतर कॉलेजातली चार पोरं असोत. अशा रेकॉर्डचा हिशोब शेकड्यांत नाही, हजारांत करावा लागतो.

आणि एकाही रेकॉर्डवर रॉयल्टी नाही. कामाचे पैसे घ्यायचे, एकदाच घ्यायचे, विषय संपला.

एक उदाहरण घ्या. डिसेंबर १९८७, बॉस्टन. 'पिक्सीज' हा तेव्हा कोणाला फारसा माहीत नसलेला बँड. अल्बिनीने दहा दिवसांत त्यांची 'सर्फर रोझा' रेकॉर्ड केली. एका गायिकेचा आवाज घुमायला हवा होता तर तिला स्टुडिओच्या बाथरूममध्ये उभं करून गायला लावलं. कामाचे मिळाले १५०० डॉलर. रेकॉर्ड १९८८ साली आली. पुढे २००५ मध्ये अमेरिकेत ती 'गोल्ड' झाली, म्हणजे पाच लाख प्रती. त्यातलं 'व्हेअर इज माय माइंड' हे गाणं १९९९ साली 'फाइट क्लब'च्या शेवटी वाजलं आणि त्यानंतर ते किती ठिकाणी वाजलं याची गणतीच नाही. अल्बिनीला मिळाले ते तेवढेच, १५०० डॉलर.

पहिली जमात इथेच डोक्याला हात लावते. थांबा, अजून आहे.

१९९२च्या अखेरीस 'निर्वाणा' म्हणजे जगातला सर्वात मोठा रॉक बँड. पुढची रेकॉर्ड अल्बिनीने करावी अशी त्यांची इच्छा. त्याने त्यांना चार पानी पत्र पाठवलं. ते पत्र आज जगजाहीर आहे आणि प्रत्येक कन्सल्टंटने वर्षातून एकदा तरी वाचावं असं आहे. त्यातला पैशांचा भाग माझ्या शब्दांत सांगतो: मी रॉयल्टी घेत नाही. गाणी तुमची, वाजवणार तुम्ही, विकत घेणारे चाहतेही तुमचे. रेकॉर्ड थोर निघाली तर श्रेय तुमचं, भिकार निघाली तर दोष तुमचा. प्लंबरला देता तसे मला माझ्या कामाचे पैसे द्या. रेकॉर्ड कंपनीची अपेक्षा असेल की मी एक-दीड टक्का मागावा. तीस लाख प्रती खपल्या असं धरलं तर ते चार लाख डॉलरच्या आसपास जातात. एवढे पैसे मी घेणार नाही, मला झोप लागणार नाही.

रेकॉर्ड झाली. फेब्रुवारी १९९३, मिनेसोटातल्या कॅनन फॉल्स गावाजवळचा पॅकिडर्म स्टुडिओ, बँडने खोट्या नावाने बुक केलेला. दोन आठवड्यांत सगळं आटोपलं. अल्बिनीला एकरकमी एक लाख डॉलर मिळाले. 'इन यूटेरो' सप्टेंबरात आली ती थेट पहिल्या नंबरवर, आणि एकट्या अमेरिकेत पन्नास लाखांच्या वर गेली. म्हणजे त्याने धरलेला तीस लाखांचा आकडासुद्धा कमीच होता.

तर आता बोला. वेडा की संत?

माझं म्हणणं, दोन्ही नाही. तो इंजिनिअर होता आणि इंजिनिअरच्या दृष्टीने त्याने हे गणित बरोबर सोडवलं होतं. संत म्हटलं की आपली सुटका होते ना.... संतांचं वागणं नमस्कार करण्यासाठी असतं, आपण तसं वागावं अशी अपेक्षाच नसते. म्हणून मला हा शब्द खुपतो. अल्बिनीने त्याग वगैरे केला नाही. त्याने एक हितसंबंध टाळला.

हे समजायला रेकॉर्डच्या धंद्यातला 'पॉइंट' म्हणजे काय ते बघायला हवं. पॉइंट म्हणजे विक्रीतला एक टक्का. बड्या प्रोड्यूसरला तीन-चार पॉइंट मिळतात. पण कोणाच्या खिशातून? बहुतेक वेळा कंपनीच्या नाही, बँडच्या हिश्श्यातून. १९९३ साली अल्बिनीने 'द बॅफलर' या छोट्या मासिकात एक लेख लिहिला, 'द प्रॉब्लेम विथ म्युझिक'. त्याच्या शेवटी एक हिशोब आहे, आणि आपल्यासारख्या एक्सेल उघडून बसणाऱ्यांना तो फार आवडावा. एक काल्पनिक बँड, चार जण. कंपनीकडून अडीच लाख डॉलरचा ॲडव्हान्स. रेकॉर्डच्या अडीच लाख प्रती खपतात, म्हणजे चांगल्याच खपतात. १२ डॉलरने ३० लाखांची विक्री. बँडची रॉयल्टी १३ टक्के, तीही ९० टक्के मालावरच, म्हणजे ३,५१,००० डॉलर. त्यातून ॲडव्हान्स वळता. जाहिरातीचे २५,००० वळते. आधीच्या छोट्या कंपनीला सोडचिठ्ठी देण्याचे ५०,००० वळते. आणि प्रोड्यूसरचे तीन पॉइंट, त्याचा ५०,००० ॲडव्हान्स वजा जाता आणखी ४०,०००, तेही वळते. खाली बेरीज काय येते? उणे १४,०००. अडीच लाख प्रती विकून बँडच कंपनीचं देणं लागतो! सगळं धरून कंपनीला ७,१०,०००, प्रोड्यूसरला ९०,०००, आणि बँडमधल्या प्रत्येकाच्या हातात वर्षभराचे ४,०३१ डॉलर २५ सेंट. कोपऱ्यावरच्या दुकानात गल्ल्यावर बसले असते तर याच्या तिप्पट मिळाले असते असा शेराही त्याने मारलाय.

ते २५ सेंट बघा. ज्याने हिशोब खरंच मांडला त्यालाच ते २५ सेंट लिहायचं सुचतं.

म्हणजे प्रोड्यूसर टक्का घेतो तेव्हा तो आभाळातून पडत नाही. चार पोरांच्या ताटातून उचललेला असतो. अल्बिनी स्वतः बँडवाला होता, त्याला हे ताट दोन्ही बाजूंनी माहीत होतं. पण हा झाला न्यायाचा मुद्दा. मला त्याहून महत्त्वाचा वाटतो तो कामाचा मुद्दा.

टक्का घेतला की कान बदलतो.

काही वर्षांपूर्वी मी एका कंपनीत होतो (नाव नको). आमच्या टीमचा बोनस 'महिन्याला किती लोक ॲप उघडतात' या आकड्याला बांधला गेला. त्याआधी 'खातं बंद करा' हे बटण सेटिंग्जमध्ये सरळ समोर होतं. बोनस बांधल्यावर दोन महिन्यांत ते तीन मेनूंच्या आत जाऊन बसलं. मग रात्री साडेनऊला नोटिफिकेशन सुरू झालं. मग ते बंद करायचं बटणही आत गेलं. गंमत म्हणजे टीममध्ये एकही वाईट माणूस नव्हता. सगळे सज्जन, डबा वाटून खाणारे. मीटिंगमध्ये मी विरोध केला तर आमचे मॅनेजर मनापासून चकित झाले. "अरे, तुझाही बोनस यातच आहे ना?" म्हणाले. त्यांच्या दृष्टीने वाद तिथेच मिटला होता. वापरणाऱ्याचं काय होतंय हा प्रश्न त्या खोलीत विचारायला कोणी मोकळाच उरला नव्हता, कारण प्रत्येकाचा वाटा ठरलेला.

आता त्या जागी स्टुडिओ बघा. ज्या प्रोड्यूसरचे तीन पॉइंट आहेत तो तेच गाणं ऐकताना रेडिओवर ते कसं वाजेल हेच ऐकणार. गिटार फार कर्कश आहे, थोडी मऊ करू. गाणारीचा आवाज मागे आहे, पुढे आणू. त्याच्या प्रत्येक सूचनेत कला किती आणि घराचा हप्ता किती, हे त्याचं त्यालाही सांगता येणार नाही. अल्बिनीला हा प्रश्नच नव्हता. रेकॉर्ड पाचशे खपो की पन्नास लाख, त्याला काही फरक पडत नव्हता. म्हणून तो बँडला म्हणू शकायचा की तुम्हाला हेच हवंय ना, मग हेच. कव्हरवर 'प्रोड्यूस्ड बाय' असं नावही त्याला नको असायचं. लिहायचंच असेल तर 'रेकॉर्डेड बाय' लिहा.

बरं, आता त्याच्या भक्तांना न आवडणारं. हा माणूस नेहमी प्लंबरसारखा वागला असं अजिबात नाही. 'इन यूटेरो'चंच बघा. रेकॉर्ड झाल्यावर कंपनीला ती पसंत नाही अशी बातमी १९९३च्या एप्रिलमध्ये 'शिकागो ट्रिब्यून'मध्ये आली आणि मोठा गदारोळ झाला. तो गदारोळ सगळ्यांना आठवतो. पण खुद्द बँडलाही काही गोष्टी खटकत होत्या, गाण्याचे शब्द आणि बेस नीट ऐकू येत नाहीत असं त्यांचं म्हणणं होतं, हे मात्र सोयीने विसरलं जातं. त्यांनी अल्बिनीला दोन गाणी पुन्हा मिक्स करायला सांगितलं. तो नाही म्हणाला, याहून चांगलं माझ्याकडून होणार नाही म्हणून. शेवटी 'हार्ट-शेप्ड बॉक्स' आणि 'ऑल अपॉलॉजीज' ही गाणी स्कॉट लिट या प्रोड्यूसरकडून मिक्स करून घेतली. आता सांगा, नळ बसवल्यावर घरमालक म्हणाला की जरा डावीकडे घ्या, तर कुठला प्लंबर म्हणतो की याहून चांगली जागा नाही? तिथे अल्बिनीतला कलाकार बाहेर आला आणि त्याने स्वतःचंच तत्त्व मोडलं असं माझं स्पष्ट मत आहे. (वीस वर्षांनी, २०१३च्या विशेष आवृत्तीसाठी, त्याच रेकॉर्डचं नवं मिक्स करायला त्यालाच बोलावलं आणि त्याने ते केलंही. असो.)

आणि 'मी फक्त जे वाजतंय ते टेपवर घेतो' हा त्याचा दावाही मला पुरता पटत नाही. त्याने रेकॉर्ड केलेले ड्रम दहा सेकंदांत ओळखू येतात. ड्रमच्या जवळचे माईक तर असायचेच, पण शिवाय लांब, खोलीच्या दुसऱ्या टोकाला जमिनीवर ठेवलेले माईक, त्यांचा आवाज काही मिलिसेकंद आणखी उशिरा सोडलेला. त्यामुळे खोलीच वाजतेय असं वाटतं. आता हे 'आहे तसं' कसं? माणूस ड्रमपासून तेवढा लांब आणि तेवढा जवळ एकाच वेळी बसू शकतो का? ही शैलीच आहे, आणि उत्तम शैली आहे. एवढंच की त्या शैलीवर त्याने मालकी सांगितली नाही, उलट आपण काय करतो ते विचारेल त्याला सांगत बसला.

आता आक्षेप. हा लेख लिहितोय म्हटल्यावर एका मित्राने लगेच टोकलं, "म्हणजे तुझ्या मते रफीसाहेब बरोबर आणि लतादीदी चूक?"

चांगला प्रश्न आहे. ज्यांना किस्सा माहीत नाही त्यांच्यासाठी: साठच्या दशकात लता मंगेशकर आणि मोहम्मद रफी यांचं रॉयल्टीवरून बिनसलं. लताबाईंचं म्हणणं, गायकाला विक्रीत वाटा मिळालाच पाहिजे. रफीसाहेबांचं म्हणणं, ठरलेले पैसे मिळाले, आता आपला हक्क संपला. काही वर्षं दोघं एकत्र गायले नाहीत. वरवर बघता रफी म्हणजे अल्बिनीच. पण तसं नाही. अल्बिनीने कधीही असं म्हटलं नाही की रॉयल्टी वाईट. तो म्हणत होता की रॉयल्टी ज्याचं गाणं त्याची, ज्याचा गळा त्याची. माझी नाही. लताबाई गाणाऱ्या होत्या, त्यांचा वाटा मागणं शंभर टक्के रास्त होतं. आपल्याकडे कायद्याला हे उमगायला २०१२ साल उजाडलं, तेव्हा कुठे कॉपीराइट कायद्यातल्या दुरुस्तीने गीतकार-संगीतकारांचा रॉयल्टीचा हक्क पक्का झाला आणि गायकांनाही काही मिळालं. तेव्हा माझ्या मते लताबाई आणि अल्बिनी एकाच बाजूला आहेत. अडचणीत येतो तो मधला माणूस, जो गातही नाही, लिहीतही नाही आणि टक्का मागतो.

याच मित्राचा दुसरा मुद्दा मात्र अवघड होता. आपल्याकडच्या रेकॉर्डिंगवाल्यांनी कुठे रॉयल्टी घेतली? पगारच घेतला की. ते सगळे अल्बिनी का?

जी. एन. जोशींचं उदाहरण घेऊ. वकिलीची पदवी घेतलेला माणूस, ना. घ. देशपांडे यांची 'शीळ' गाऊन मराठी भावगीताच्या सुरुवातीच्या काळात घराघरांत पोचलेला. पुढे एचएमव्हीत रेकॉर्डिंगचं काम बघायला लागले आणि अनेक वर्षं तेच केलं. मोठमोठ्या बुजुर्ग गायकांना माईकपुढे आणून बसवलं. शिवकुमार शर्मा, हरिप्रसाद चौरसिया आणि ब्रिजभूषण काबरा यांची १९६७ची 'कॉल ऑफ द व्हॅली' ही त्यांच्याच हातची. त्यांचं 'स्वरगंगेच्या तीरी' वाचा, त्यात माणसं कशी राजी करावी लागायची ते कळतं. पण जोशी कंपनीचे नोकर होते. कंपनीने काय छापायचं, कोणाला किती द्यायचे, हे ठरवणं त्यांच्या हातात नव्हतं. अल्बिनीला टक्का समोर आणून दिला होता आणि त्याने नको म्हटलं. जोशींसारख्यांना तो कोणी विचारलाच नव्हता. या दोन गोष्टींना एकच माळ घालू नये. ज्याला काही मागायची सोय नाही त्याला 'बघा किती निरिच्छ' म्हणणं हा तर आपल्या समाजाचा आवडता लबाडपणा आहे. (शिक्षक आणि नर्सेस यांना विचारा.)

आता पहिल्या जमातीकडे. "पण पैसे?" होय, पैसे. 'इन यूटेरो'नंतर बड्या कंपन्यांनी त्याच्याकडे काम पाठवणं जवळपास थांबवलं, आणि छोट्या बँडना वाटायला लागलं की हा आता आपल्या आवाक्यातला राहिला नाही. एवढी गाजलेली रेकॉर्ड करून माणूस कंगाल व्हायच्या बेताला आला होता. तरी १९९७ साली त्याने शिकागोत बेलमाँट ॲव्हेन्यूवर 'इलेक्ट्रिकल ऑडिओ' उभा केला. एका इमारतीत दोन स्टुडिओ, आवाजासाठी भिंती मातीच्या कच्च्या विटांच्या, आणि त्या विटा न्यू मेक्सिकोहून आणलेल्या. तिथले इंजिनिअर गॅरेजमधल्या मेकॅनिकसारखा डगला घालून काम करायचे, हा स्वतःही. दर सगळ्यांना सारखे आणि सांगून टाकलेले. १९९८ मध्ये आलेली लेड झेपेलिनवाले पेज आणि प्लँट यांची रेकॉर्डही त्यानेच केली, आणि ज्यांचं नाव कोणालाच माहीत नाही अशा बँडचं कामही तो तसंच करायचा. श्रीमंत तो झाला नाही. स्टुडिओची ओढाताण कायम होती. हे मी लपवत नाही, कारण या मार्गाने बंगला होतो असा माझा दावाच नाही. (बाकी पत्त्यांत तो हुशार होता. पोकरच्या वर्ल्ड सिरीजमध्ये २०१८ आणि २०२२ साली स्पर्धा जिंकला, दोन्ही मिळून तीन लाख डॉलर. म्हणजे नशिबावर पैसे लावायला त्याची ना नव्हती, फक्त दुसऱ्याच्या गाण्यावर लावायचे नव्हते!)

त्याचं टेपचं वेडही लोक हटवादीपणात जमा करतात. तो ॲनालॉग टेपवरच रेकॉर्ड करायचा. कारण विचारलं तर 'ऊबदार आवाज' वगैरे काही सांगायचा नाही. म्हणायचा, ही टेप पन्नास वर्षांनी कुठल्याही चालू मशीनवर वाजेल, तुमच्या सॉफ्टवेअरची फाइल वाजेल का? याला उत्तर द्यायची आपली हिंमत नाही. दहा वर्षांपूर्वीचा प्रोजेक्ट आज बिल्ड करून दाखवा बघू. टेपही अमर नसते हे खरं. १ जून २००८ला हॉलिवूडमध्ये युनिव्हर्सलच्या आवारात आग लागली आणि त्यात मूळ टेपांचा मोठा साठा जळाला. पण इथे विचार कोण करतंय ते बघा. ज्याचा त्या रेकॉर्डमध्ये एक पैशाचा वाटा नाही, तो माणूस ती पन्नास वर्षांनी वाजेल की नाही याची काळजी करतोय. 'वाटा दिला की माणूस मन लावून काम करतो' असं आम्हाला एमबीए झालेले लोक शिकवतात, त्यांनी हे कुठल्या खान्यात टाकायचं ते सांगावं.

संत म्हणणाऱ्यांसाठी शेवटचं. तरुणपणी हा माणूस तोंडाने आणि लेखणीने भयंकर होता. त्याच्या एका बँडचं नाव इथे लिहवत नाही. ज्या पिक्सीजची रेकॉर्ड केली त्यांच्याविषयी नंतर छापील कुचेष्टा केली. लोकांना धक्का द्यायचा म्हणून बायकांबद्दल, वंशाबद्दल वाटेल ते लिहिलं. पुढे, विशेषतः २०२१ मध्ये, त्याने हे सगळं जाहीरपणे कबूल केलं आणि सारवासारव केली नाही. त्याबद्दल मी त्याला मान देतो, पण त्याने जुनं लिहिलेलं पुसलं जात नाही. तेव्हा कृपा करून तसबीर लावू नका. त्याची बिलं काढायची पद्धत तेवढी उचला.

कारण आमच्याकडे सध्या उलटा वारा आहे. पूर्वी एखाद्या डॉक्टरला दवाखान्याचं सॉफ्टवेअर लिहून दिलं की पैसे घेऊन आपण मोकळे. आता त्याच डॉक्टरकडून दर पेशंटमागे अमुक रुपये, कायमचे. का? पेशंट कोणी तपासला? आपण तर नाही. सर्व्हरचा खर्च घ्या, देखभालीचा घ्या, नवं काही बनवलं त्याचे दणकून घ्या. मी स्वस्तात काम करा म्हणत नाहीये. अल्बिनीने निर्वाणाकडून एक लाख डॉलर घेतले, काही पान-सुपारी नाही घेतली. पण पेशंटमागे पैसे मिळायला लागले की तुम्हाला पेशंट वाढायला हवे असतात, आणि मग 'सहा महिन्यांनी पुन्हा दाखवायला या'चा मेसेज तीन महिन्यांवर येतो. तो कोणी आणला हे कोणालाच सांगता येत नाही. मला गेल्या वर्षभरात असे 'पार्टनरशिप'चे दोन प्रस्ताव आले. दोघांनाही मी माझा दिवसाचा दर कळवला. एकाने तो मान्य केला. दुसऱ्याने पुन्हा फोन केला नाही, आणि ठीक आहे.

ज्यांना हे सगळं वाचून नुसता राग आलाय त्यांनी निदान ऐकून तरी घ्या. पीजे हार्वीची 'रिड ऑफ मी', १९९३ची. सुरुवातीला इतकी हळू आहे की आवाज वाढवाल, आणि मग वाढवल्याचा पश्चात्ताप होईल. मग 'सर्फर रोझा'. आणि शेलॅकची शेवटची, 'टू ऑल ट्रेन्स', जी १७ मे २०२४ला, म्हणजे तो गेल्यावर बरोबर दहा दिवसांनी आली. चांगले हेडफोन लावा, आणि ड्रमच्या मागे खोली ऐकू येते का ते मला कळवा.